रोजंदाराला कामावरून काढले तर : परत काम, मागचा पगार आणि कायदा



उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या पट्ट्यात सकाळी नाक्यावर कामाची वाट पाहत उभी असलेली माणसे तुम्ही पाहिली असतील. आजूबाजूच्या कातकरी वाड्या आणि ठाकूर पाड्यांतून ती आलेली असतात. त्यांतले काही रोज नव्या मालकाकडे जातात. पण पुष्कळ जण नावाला रोजंदार असले तरी वर्षानुवर्षे एकाच ठिकाणी राबतात. कोणी एमआयडीसीतल्या कारखान्यात हेल्पर असतो, कोणी सफाईच्या ठेक्यावर, कोणी रोपवाटिकेत, कोणी मोठ्या गृहसंकुलात. मग एक दिवस मुकादम सांगतो, "उद्यापासून येऊ नको." ना पत्र, ना हिशेब.

वस्तीवर बैठक घेतली की हा प्रश्न हमखास येतो : "आम्ही तर हंगामी. आम्हाला कसला कायदा?" हाच समज मालकाच्या सर्वांत मोठ्या उपयोगी पडतो. म्हणून या अंकात कामावर परत घेण्याचा आणि मागील पगाराचा कायदा जमेल तितक्या सोप्या शब्दांत मांडत आहे. आपण देणगी देता आणि प्रार्थना करता. कामगाराच्या बाजूने नेमके काय करता येते, हेही आपल्याला ठाऊक असावे.

२४० दिवसांचा अर्थ

१९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात 'हंगामी म्हणजे हक्क नसलेला' असे कुठेही म्हटलेले नव्हते. काढून टाकण्याच्या आधीच्या बारा महिन्यांत कामगाराचे २४० दिवस भरले असतील, तर त्याची एक वर्षाची सलग सेवा झाली असे कायदा मानतो. हे बारा महिने जानेवारी ते डिसेंबर असे मोजायचे नसतात. ज्या दिवशी काम गेले, त्या दिवसापासून मागे मोजायचे. पगारी सुट्ट्या आणि रविवारही त्यात धरायचे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये स्पष्ट केले आहे.

असे २४० दिवस भरलेल्या कामगाराला कमी करायचे असेल, तर त्याला एक महिन्याची नोटीस किंवा एक महिन्याचा पगार द्यावा लागतो. शिवाय प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांची सरासरी मजुरी भरपाई म्हणून द्यावी लागते, आणि तीही काढतानाच. नंतर कधीतरी देऊ म्हणून चालत नाही. तसेच जो शेवटी लागला तो आधी जाईल, आणि पुढे पुन्हा माणसे घ्यायची झाली तर आधी काढलेल्यांना बोलवावे, असे दोन नियमही कायद्यात आहेत.

हे न करता काढले, तर ते काढणे बेकायदा ठरते. मग कोर्टाकडे तीन गोष्टी मागता येतात. पहिली, पुन्हा कामावर घेणे. दुसरी, सेवासातत्य, म्हणजे मधला काळ नोकरीतच धरला जाणे. तिसरी, मागील वेतन, म्हणजे काम नसलेल्या काळाचा पगार. या तिन्ही गोष्टी वेगवेगळ्या आहेत. एक मिळाली म्हणजे दुसरी आपोआप मिळतेच असे नाही.

वनमजुरांनी जिंकलेला खटला

आपल्या आदिवासी बांधवांना जवळचा वाटेल असा एक निकाल महाराष्ट्रातलाच आहे. पुण्यालगत पंचगाव पर्वतीच्या टेकड्यांवर वन विभागाने वनीकरणाची योजना राबवली. तिथले आणि अहमदनगर जिल्ह्यातील सामाजिक वनीकरणाचे मजूर पाच-सहा वर्षे कामावर होते. कोणाचे वर्षाला १०० दिवस भरत, कोणाचे ३३० पर्यंत. तरी कागदोपत्री ते हंगामीच.

हे मजूर औद्योगिक न्यायालयात गेले. त्यांनी आधार घेतला तो १९७१ च्या महाराष्ट्र कामगार संघटना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध कायद्याचा. या कायद्याच्या चौथ्या परिशिष्टात सहाव्या क्रमांकावर एक अनुचित प्रथा नोंदलेली आहे : कायम कामगाराचे फायदे द्यायला लागू नयेत, या हेतूने माणसांना वर्षानुवर्षे बदली, हंगामी किंवा तात्पुरते ठेवणे. सरकारचे म्हणणे होते की वन विभाग हा उद्योगच नव्हे, आणि असा हेतूही नव्हता. डिसेंबर १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही मुद्दे फेटाळले. इतकी वर्षे हंगामी ठेवले, यावरूनच हेतू दिसतो, असे न्यायालयाने मानले आणि मजूर जिंकले. पुढे ३१ जानेवारी १९९६ च्या शासन निर्णयाने, पाच वर्षे दरवर्षी किमान २४० दिवस काम केलेल्या राज्यभरच्या वनमजुरांना कायम करण्याचा मार्ग मोकळा झाला.

२००६ मध्ये कर्नाटकातील एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने असे ठरवले की, सरकारी नोकरीत भरतीचे नियम डावलून आलेल्या हंगामी माणसांना कायम होण्याचा हक्क नाही. त्यानंतर प्रत्येक सरकारी कार्यालय तोच निकाल पुढे करू लागले. पण २००९ मध्ये आपल्या एसटी महामंडळाच्या सफाई कामगारांच्या खटल्यात त्याच न्यायालयाने खुलासा केला. अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि जागा उपलब्ध असल्या, तर औद्योगिक न्यायालयाचा कायम करण्याचा अधिकार २००६ च्या निकालाने जात नाही. नगरपालिकेत किंवा सरकारी खात्यात राबणाऱ्या आपल्या लोकांसाठी हा निकाल मोलाचा आहे.

मागचा पगार किती मिळतो?

इथे आशा आणि वास्तव दोन्ही नीट समजून घेतले पाहिजे.

१९७८ मध्ये हिंदुस्थान टिन वर्क्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, काढणे बेकायदा ठरले तर पूर्ण मागील वेतन हाच सर्वसाधारण नियम. तरी कंपनीची स्थिती पाहून त्या खटल्यात ७५ टक्के दिले. २०१३ मध्ये महाराष्ट्रातल्याच क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाच्या खटल्यात हाच नियम पुन्हा ठामपणे सांगितला गेला. चुकीने काढणाऱ्या मालकाला, कोर्टात वर्षे गेली या सबबीखाली, सूट मिळू नये, हा त्यामागचा विचार.

पण रोजंदाराच्या बाबतीत कोर्टे हात आखडता घेतात. २००९ मध्ये हरियाणातील एका रोजंदाराला परत कामावर न घेता एकरकमी ५०,००० रुपये देण्यात आले. पुढे बीएसएनएलच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, फक्त नोटीस आणि भरपाई दिली नाही एवढीच चूक असेल, तर रोजंदाराला परत कामावर घेणे आपोआप होणार नाही, नुकसानभरपाई पुरेशी आहे. मात्र त्याच निकालात महत्त्वाचे अपवादही आहेत. त्याच्यामागून लागलेल्यांना ठेवून त्याला काढले असेल, किंवा अनुचित प्रथा झाली असेल, तर परत कामावर घेणे नाकारू नये. म्हणूनच 'मला काढल्यावर कोण राहिले आणि माझ्या जागी कोण आले' ही माहिती सोन्यासारखी असते. अगदी अलीकडे, जानेवारी २०२५ मध्ये, गाझियाबाद महापालिकेच्या रोजंदार माळ्यांना सर्वोच्च न्यायालयाने परत कामावर घ्यायला लावले आणि ५० टक्के मागील वेतन दिले.

आकड्यांत पाहू. समजा, रोजी ३०० रुपये आणि महिन्याला २६ दिवस काम. महिन्याचे झाले ७,८०० रुपये. खटला आठ वर्षे चालला तर पूर्ण मागील वेतन ७,४८,८०० रुपये होते. निम्मे धरले तरी ३,७४,४००. दुसरीकडे पाच वर्षे काम केलेल्या त्याच मजुराला मालकाने काढतानाच नियमाने पैसे दिले असते, तर भरपाई ढोबळमानाने २२,५०० आणि नोटिशीचे ७,८०० एवढ्यावर भागले असते. मालकाने तीस हजार वाचवायला गेले आणि लाखांचा बोजा ओढवून घेतला, असे होऊ शकते. पण ते कधी? कामगार टिकला आणि त्याच्याकडे पुरावा असला तरच.

मध्ये ठेकेदार असला तर

आपल्या भागात थेट मालकापेक्षा ठेकेदारच जास्त. ठेकेदार बदलतो, माणसे तीच राहतात. अशा वेळी कोणत्या दारातून जायचे, हा प्रश्न निर्णायक असतो.

२००१ च्या सिप्ला खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कामगार आपला आहे हेच कंपनी मान्य करत नसेल, तर अनुचित प्रथांच्या १९७१ च्या कायद्याखाली थेट तक्रार चालत नाही. ठेका हा निव्वळ देखावा आहे की नाही, हे आधी औद्योगिक विवादाच्या मार्गाने ठरवून घ्यावे लागते. चुकीच्या दारात गेल्यामुळे वर्षे वाया गेलेले कामगार महाराष्ट्रात थोडे नाहीत.

योग्य दारातून गेल्यास काय होते, हे मुंबईच्या कचरा वाहतूक कामगारांनी दाखवले. महापालिकेच्या ठेक्यावर काम करणाऱ्या सुमारे २,७०० सफाई कामगारांचा वाद कचरा वाहतूक श्रमिक संघाने औद्योगिक न्यायाधिकरणापुढे नेला. २०१४ मध्ये निकाल कामगारांच्या बाजूने लागला. महापालिका उच्च न्यायालयात आणि तिथून सर्वोच्च न्यायालयात गेली. एप्रिल २०१७ मध्ये कामगारांचा विजय पक्का झाला. ठेक्यावरच्या माणसाला काही मिळत नाही, असे कोणी म्हणाले तर हा निकाल सांगावा.

मुदत आणि वीटभट्टीचे वेळापत्रक

आता सर्वांत नाजूक गोष्ट. १९७१ च्या कायद्याखालची तक्रार ९० दिवसांत करावी लागते. उशिराचे सबळ कारण दिले तर कोर्ट ती नंतरही घेऊ शकते, पण ते कोर्टाच्या मर्जीवर. दुसरा मार्ग कामगार आयुक्त कार्यालयाचा. तिथे समेटाचा प्रयत्न होतो आणि ४५ दिवसांत तोडगा निघाला नाही, तर कामगाराला स्वतः कामगार न्यायालयात जाता येते. जुन्या कायद्यात त्यासाठी काढल्यापासून तीन वर्षांची मुदत होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यांतील औद्योगिक संबंध संहितेत ही मुदत दोन वर्षांवर आली आहे. नोटीस आणि १५ दिवसांच्या भरपाईचे तत्त्व मात्र नव्या संहितेतही कायम आहे.

शहरातल्या माणसाला ९० दिवस पुरेसे वाटतील. आपल्या कातकरी कुटुंबांचे वर्ष वेगळे चालते. आमच्या ओळखीच्या एक ताई एका कारखान्यात पॅकिंगला होत्या, थेट मालकाकडे, चार वर्षे. गणपतीनंतर त्यांना "माल कमी आहे, बोलावू तेव्हा ये" असे सांगण्यात आले. त्यांनी वाट पाहिली. दिवाळी झाली, घरात धान्य नव्हते. मुकादमाकडून उचल घेऊन सगळे कुटुंब वीटभट्टीवर गेले. पावसाच्या तोंडावर परत आल्या तेव्हा त्यांच्या जागेवर दोन नव्या मुली लागलेल्या होत्या. आमच्याकडे येईपर्यंत नऊ महिने झाले होते. उशीर माफ करण्याच्या विनंतीसह त्यांचा अर्ज दिला आहे, निकाल लागायचा आहे. "बोलावू तेव्हा ये" हे शब्द ऐकल्याच्या आठवड्यात त्या आल्या असत्या, तर ही विनंती करावीच लागली नसती.

कायद्याचे ९० दिवस आणि भट्टीचे सहा-सात महिने यांचा हा मेळ न बसणे कित्येक खरे दावे बुडवते. म्हणून कार्यकर्त्यांनी, पाळकांनी आणि मंडळीच्या सभासदांनी हे लक्षात ठेवावे : भट्टीवर जाण्याआधी विचारा, "काम कधी गेलं? कोणी काय सांगितलं?" आणि एक साधा लेखी अर्ज देऊनच त्यांना जाऊ द्या.

पुरावा कोणाकडे असतो?

२००२ मध्ये कर्नाटकातील एका वन परिक्षेत्र अधिकाऱ्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, २४० दिवस भरले हे कामगारानेच सिद्ध करायचे. नुसते शपथेवर सांगणे पुरत नाही. पुढे २००६ च्या सुमारास आणखी एका निकालात न्यायालयाने थोडा आधार दिला : कामगार साक्षीला उभा राहिला आणि त्याने मालकाकडचे हजेरीपट, मस्टर मागवले, तर ते न दाखवणाऱ्या मालकाविरुद्ध कोर्ट परिस्थिती पाहून निष्कर्ष काढू शकते. तरीही स्वतःकडे काही असलेले बरे. काय ठेवावे?

• हजेरीची वही. रोजची तारीख, कामाची जागा, मुकादमाचे नाव. लिहिता येत नसेल तर भिंतीवरच्या कॅलेंडरवर मुलांकडून खूण. वर सांगितलेल्या ताईंच्या मुलीने अशाच खुणा केल्या होत्या, त्याच आज त्यांचा मुख्य आधार आहेत.
• गेटपास, ओळखपत्र, पगाराचे पाकीट, पीएफ किंवा ईएसआयसीचा क्रमांक, बँकेतल्या नोंदी, मुकादमाचे मोबाइलवरचे निरोप.
• बरोबर काम करणाऱ्या दोघा-तिघांची नावे, आणि आपल्यामागून कोण लागले त्याची नोंद.
• कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा नाही. "पूर्ण हिशेब मिळाला" अशा कागदावर तो वाचून घेतल्याशिवाय सही नाही.

कोर्टात विचारले जाणारे प्रश्न

"तिला काढलेच नाही, ती स्वतःच काम सोडून गेली." मालकाचे हे नेहमीचे उत्तर. म्हणून काम नाकारले की दुसऱ्या दिवशी गेटवर जावे आणि "मी कामाला तयार आहे" असे पत्र पोचपावती घेऊन द्यावे किंवा टपालाने पाठवावे. कधी मालक कोर्टातच म्हणतो, "या, उद्यापासून कामावर या." तेव्हा रागाने नाही म्हणू नये. नाही म्हटले की पुढच्या काळाचा पगार हातचा जातो. मागील वेतनाचा हक्क राखून कामावर हजर व्हावे.

दुसरा प्रश्न : "मधल्या काळात दुसरीकडे कमावत होता का?" २०१३ च्या निकालाप्रमाणे कामगाराने आपण दुसरीकडे नोकरीला नव्हतो हे सांगायचे, मग उलट सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर येते. इथे काही जण घाबरून खोटे बोलतात. तसे करू नये. पोटासाठी लाकडे विकली, चार दिवस शेतावर गेलो, तर ते खरे सांगावे. जगण्यापुरती धडपड म्हणजे दुसरी नोकरी नव्हे. १९८४ मध्ये सासऱ्याच्या कोळशाच्या दुकानात हातभार लावून दिवस काढणाऱ्या एका कामगाराच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच मानले. शपथेवर खरे बोलणे ही आपल्या विश्वासाची मागणी आहे, आणि इथे खटल्यासाठीही तेच हिताचे आहे.

आणखी एक. कामगार जिंकला आणि मालक उच्च न्यायालयात गेला, तर तो खटला चालू असेपर्यंत शेवटचा पगार दरमहा मागता येतो. कामगार दुसरीकडे नोकरीला नाही, असे प्रतिज्ञापत्र त्यासाठी द्यावे लागते. पुष्कळांना हे माहीतच नसते, आणि जिंकूनही ते उपाशी राहतात.

आपण काय करावे?

वकिलाचा खर्च कसा झेपणार, असे विचारणाऱ्यांना सांगा : १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने अनुसूचित जमातीची व्यक्ती, स्त्री आणि औद्योगिक कामगार या तिघांनाही मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. ठाण्याच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो, आणि १५१०० या राष्ट्रीय क्रमांकावर फोन करून माहिती घेता येते. मोफत वकील मिळाला तरी ठाण्याच्या प्रत्येक तारखेला एक दिवसाची रोजी बुडते आणि गाडीभाडे लागते. दावे सोडून दिले जातात ते बहुधा याच कारणाने. एका कामगाराच्या तारखांचा खर्च एखाद्या कुटुंबाने उचलला, तर तो दावा उभा राहतो. निवृत्त कारकून आणि शिक्षक मंडळीत आहेत. त्यांनी महिन्यातून एक रविवार दुपार वस्तीवर अर्ज लिहायला दिली, तर नव्वद दिवसांचा प्रश्न बराच सुटेल.

आणि एक गोष्ट आपल्या घरची. आपल्यापैकी काही जण छोटे कारखाने चालवतात, काही सोसायटीच्या कमिटीवर आहेत. आपल्याकडचा रखवालदार, झाडूवाली ताई, माळी यांची हजेरी कुठे लिहिलेली आहे का? त्यांना पगाराची पावती मिळते का? अनुवादाच्या २४ व्या अध्यायात गरीब मजुराची मजुरी सूर्य मावळण्याआधी देण्याची आज्ञा आहे, कारण त्याचे सगळे लक्ष तिच्यावर लागलेले असते. ती आज्ञा परक्या मालकांना ऐकवण्याआधी आपल्या वहीत उतरली पाहिजे.

प्रभू येशूने लूकच्या १८ व्या अध्यायात एका विधवेचा दाखला दिला आहे. न्यायाधीशाला ना देवाचे भय, ना माणसाची पर्वा, तरी ती त्याच्या दारी येतच राहिली. आपले रोजंदार भाऊबहीणही येत राहायला तयार आहेत. प्रत्येक तारखेला त्यांच्यासोबत कोणीतरी असावे, एवढेच त्यांना हवे आहे. पुढच्या तारखेला ठाण्याला जाताना आमच्याबरोबर यायची ज्यांची तयारी असेल, त्यांनी रविवारच्या उपासनेनंतर आपल्या पाळकांकडे नाव द्यावे.